शाटेन

शाटेन : (छाया). जर्मन मूकपटांच्या कालखंडातील एक वैशिष्ट्यपूर्ण, परंतु तुलनेने अपरिचित राहिलेला भयपट. ‘एक रात्रिकालीन भ्रम’ हे त्याचे उपशीर्षक. आर्थर रॉबिसन (१८८३–१९३५) ह्याने दिग्दर्शित केलेला हा चित्रपट १९२३ च्या ऑक्टोबर महिन्यात बर्लिन येथे प्रदर्शित झाला. इंग्रजी भाषिक देशांत तो वॉर्निंग शॅडोज (इशारा देणाऱ्या सावल्या) ह्या नावाने ओळखला जातो. भयपटांत सामान्यतः आढळणारी भुते, पिशाचे, रक्तशोषक प्रेते किंवा कृत्रिम मानव ह्यांपैकी काहीच ह्या चित्रपटात नाही. एक घर, एक रात्र, जेवणासाठी जमलेली मोजकी माणसे आणि त्यांच्या भिंतीवर पडणाऱ्या सावल्या एवढ्याच सामग्रीतून त्यात भय निर्माण केले आहे. सावलीला वस्तू समजण्याची चूक माणसाचे मन किती सहजपणे करते आणि त्या चुकीचा शेवट हत्येत कसा होऊ शकतो, हा त्याचा विषय होय.

पार्श्वभूमी : पहिल्या महायुद्धाच्या काळात, १९१६ साली, जर्मनीने परदेशी चित्रपटांच्या आयातीवर बंदी घातली. ही बंदी १९२० च्या अखेरपर्यंत टिकली. परिणामतः देशातील चित्रपटगृहांची गरज भागविण्यासाठी जर्मन निर्मिती झपाट्याने वाढली. १९१७ मध्ये उफा ही मोठी चित्रपटसंस्था स्थापन झाली. युद्धातील पराभव, राजसत्तेचा अंत, राजकीय हत्या आणि आर्थिक दुरवस्था अशा वातावरणात चित्रकला व रंगभूमी ह्या क्षेत्रांतील अभिव्यक्तिवादी विचारसरणी चित्रपटातही उतरली [⟶ अभिव्यक्तिवाद]. बाह्य जगाचे जसेच्या तसे चित्रण करण्याऐवजी मनातील भीती, वासना व अस्वस्थता ह्यांना दृश्य आकार द्यावा, हे ह्या विचारसरणीचे सूत्र होते.

रोबेर्ट व्हीन दिग्दर्शित डॉक्टर कालिगारीचे दालन (१९२०) हा ह्या प्रवाहातील सर्वांत प्रसिद्ध चित्रपट. पाउल व्हेगेनर ह्याचा गोलेम (१९२०) आणि फ्रीड्रिख व्हिल्हेल्म मुर्नाउ ह्याचा नोस्फेराटू (१९२२) हेही सर्वपरिचित आहेत. मुर्नाउचाच यानुसकोप्फ (१९२०) हा चित्रपट मात्र आज उपलब्ध नाही. शाटेन पडद्यावर आला, त्या १९२३ सालात जर्मन चलनाचे अवमूल्यन पराकोटीला पोहोचले होते. त्या वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये एका अमेरिकन डॉलरसाठी ४·२ लाख कोटी मार्क मोजावे लागत. काल हातात असलेली रक्कम आज केवळ कागद ठरत होती. दिसते ते आणि असते ते ह्यांतील अंतर हा त्या समाजाचा रोजचा अनुभव होता. अशा काळात सावली आणि वस्तू ह्यांच्या भेदावर उभारलेला चित्रपट निर्माण व्हावा, हे अर्थपूर्ण आहे.

निर्माते व कलावंत : रॉबिसनचा जन्म अमेरिकेतील शिकागो येथे झाला. त्याने वैद्यकाचे शिक्षण घेतले होते. पुढे मात्र तो जर्मन चित्रपटव्यवसायात स्थिरावला. मनोविकारांकडे पाहण्याची जी तटस्थ, निदानप्रधान दृष्टी ह्या चित्रपटात जाणवते, तिचा त्याच्या शिक्षणाशी संबंध जोडता येतो. चित्रपटाची मूळ कल्पना आल्बीन ग्राऊ ह्या चित्रकाराची. नेपथ्य व वेशभूषा ह्यांचा दृश्य विचारही त्याचाच. पटकथा रूडोल्फ श्नायडर आणि रॉबिसन ह्यांनी मिळून लिहिली. छायाचित्रण फ्रिट्स आर्नो वाग्नर ह्याने केले.

नोस्फेराटू ह्या चित्रपटाशी शाटेनचे निकटचे नाते आहे. ग्राऊ हा गूढविद्येचा अभ्यासक होता व नोस्फेराटूची निर्मिती करणाऱ्या संस्थेचा एक संस्थापक होता. ह्या संस्थेचे नाव त्याने ‘प्राण’ ह्या संस्कृत शब्दावरून ‘प्राना-फिल्म’ असे ठेवले होते. ब्रॅम स्टोकर ह्याच्या ड्रॅक्युला ह्या कादंबरीचा आधार परवानगीवाचून घेतल्यामुळे लेखकाच्या पत्नीने दावा लावला, संस्था दिवाळखोरीत गेली आणि १९२५ मध्ये न्यायालयाने नोस्फेराटूच्या प्रती नष्ट करण्याचा आदेश दिला. हा वाद चालू असतानाच्या वर्षांत ग्राऊ, वाग्नर आणि नोस्फेराटूतील गुस्टाफ फोन वांगेनहाइम व आलेक्सांडर ग्रानाख हे दोन नट शाटेनच्या निमित्ताने पुन्हा एकत्र आले. नष्ट करण्याचा आदेश झालेला चित्रपट परदेशांत गेलेल्या प्रतींमुळे जगला आणि जगद्‌विख्यात झाला. त्याचे हे धाकटे भावंड मात्र अभ्यासकांपुरतेच राहिले.

शाटेनमध्ये संशयी पतीची भूमिका फ्रिट्स कोर्टनर ह्याने, पत्नीची रूट वायर हिने, तरुण प्रियकराची वांगेनहाइम ह्याने, तर छायाखेळ दाखविणाऱ्या फिरस्त्याची ग्रानाख ह्याने केली आहे. फ्रिट्स रास्प हा नोकराच्या भूमिकेत दिसतो. पात्रांना नावे नाहीत. पती, पत्नी, प्रियकर, पाहुणे, खेळकरी एवढीच त्यांची ओळख. त्यामुळे कथेला एखाद्या बोधकथेचे स्वरूप प्राप्त झाले आहे.

कथानक : कथेचा काळ एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीचा आहे. एका श्रीमंत गृहस्थाकडे रात्रीच्या भोजनासाठी चार पाहुणे येतात. त्यांपैकी एक तरुण यजमानाच्या पत्नीच्या प्रेमात पडलेला आहे आणि उरलेले तिघे तिच्याभोवती रुंजी घालणारे रंगेल आहेत. पत्नीलाही ही स्तुती आवडते. पती मत्सराने पोळत असतो. एका प्रसंगी पडद्यावर पडलेल्या सावल्यांत पाहुण्यांचे हात पत्नीच्या देहाला कुरवाळताना त्याला दिसतात. नंतर प्रेक्षकाला खरी परिस्थिती दाखविली जाते. पत्नी आरशासमोर उभी आहे आणि पाहुणे तिच्यापासून दूर उभे राहून हवेतल्या हवेत तिच्या देहाची आकृती रेखाटण्याचा चाळा करीत आहेत. स्पर्श झालेला नाही. झाला आहे तो केवळ सावल्यांचा. पतीला मात्र सावल्याच दिसल्या आहेत आणि त्याच्या दृष्टीने तो पुरावा आहे.

ह्याच वेळी एक फिरता खेळकरी दाराशी येऊन खेळ करण्याची परवानगी मागतो. भोजनानंतर तो मेजासमोर पडदा लावून चिनी पद्धतीच्या आकृत्यांचा छायाखेळ दाखवू लागतो. घरातील वातावरण त्याच्या ध्यानात आलेले असते. अनर्थ जवळ आला आहे हे जाणून तो खेळ मध्येच थांबवितो, दिवा हलवितो आणि मेजाभोवती बसलेल्यांच्या सावल्या त्यांच्यापासून काढून घेतो. सारेजण संमोहित होतात व आपल्या सावल्यांमागोमाग एका भ्रमसृष्टीत शिरतात. तिथे त्यांच्या मनात दडलेले सर्व काही प्रत्यक्षात घडते. पत्नी प्रियकराच्या स्वाधीन होते. पती तिला बांधून घालण्यास लावतो आणि पाहुण्यांच्याच हातांत तलवारी देऊन त्यांना तिची हत्या करावयास भाग पाडतो. ह्या कृत्याने भडकलेले पाहुणे पतीला खिडकीतून खाली फेकून देतात.

येथे भ्रम संपतो. मेजाभोवती सर्वजण पूर्वीप्रमाणेच बसलेले आहेत. सावल्या आपापल्या धन्याकडे परततात आणि माणसे हळूहळू भानावर येतात. काहीही घडलेले नाही. पण काय घडू शकले असते, ते सर्वांनी पाहिले आहे. प्रियकर मुकाट्याने निघून जातो. पतीपत्नी पहाटेच्या प्रकाशात एकमेकांजवळ येतात. बाहेर दिवस उजाडतो, रस्त्यावर माणसांची वर्दळ सुरू होते आणि खेळकरी आपल्या वाटेने निघून जातो.

सावलीचे तंत्र : डॉक्टर कालिगारीचे दालन ह्या चित्रपटात सावल्या मुख्यतः रंगविलेल्या होत्या. कापडी नेपथ्यावर भिंती, खिडक्या, रस्ते ह्यांबरोबर प्रकाशाचे पट्टे व काळोखाचे कोपरेही कुंचल्याने काढलेले होते. अशी सावली दिवा हलला तरी हलत नाही. ती चित्राचा भाग असते. शाटेनमध्ये ह्याच्या नेमकी उलट रीत स्वीकारली आहे. येथील सावल्या प्रत्यक्ष दिव्यांनी पाडलेल्या आहेत. त्या सरकतात, वाढतात, एकमेकींत मिसळतात आणि माणसांपासून सुटून स्वतंत्रपणे वावरू लागतात.

ह्यामागील तत्त्व साधे आहे. प्रकाशाचा उगम लहान व एकवटलेला असला, तर सावलीची कड रेखीव उमटते. तो पसरट असला, तर कड पुसट होते. दिव्यापासून भिंतीपर्यंतच्या अंतराला दिव्यापासून वस्तूपर्यंतच्या अंतराने भागले असता सावलीचे प्रमाण मिळते. मनुष्य दिवा व भिंत ह्यांच्या बरोबर मध्ये उभा राहिला, तर त्याची सावली त्याच्या दुप्पट उंचीची पडते. तो दिव्याकडे आणखी सरकला, तर ती राक्षसी आकार धारण करते. शिवाय दोन माणसे दिव्यापासून वेगवेगळ्या अंतरांवर, परंतु प्रकाशाच्या एकाच रेषेत उभी असली, तर त्यांच्यामध्ये कितीही अंतर असले तरी त्यांच्या सावल्या परस्परांना भिडतात. सावलीत लांबी व रुंदी उरते, खोली नाहीशी होते. पतीची जी फसगत होते ती नेमकी ह्या हरवलेल्या तिसऱ्या परिमाणामुळे होते. चित्रपटातील भयाचे मूळ असे भूमितीत आहे.

कथेत मेणबत्त्या आणि खेळकऱ्याचा दिवा हे प्रकाशाचे उगम म्हणून दाखविले असले, तरी तेवढ्या प्रकाशात त्या काळच्या फितीवर चित्र उमटणे शक्य नव्हते. त्यासाठी कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेर ठेवलेल्या प्रखर विद्युत्‌ दिव्यांचा उपयोग करावा लागे. कृत्रिम प्रकाश मेणबत्तीचा वाटावा आणि तरीही सावली हव्या त्या जागी, हव्या त्या आकाराची पडावी, हे दुहेरी काम वाग्नरच्या छायाचित्रणाने साधले आहे. तत्कालीन फितीला तांबड्या रंगाची जाणीव जवळजवळ नसल्यामुळे ओठ काळे उमटत. हा दोषही येथे उपकारक ठरला. जिवंत माणसेही कागदातून कातरलेल्या आकृत्यांसारखी दिसू लागली. सावली आणि शरीर ह्यांतील सीमारेषा पुसली जाण्यास त्यामुळे मदत झाली.

पाट्यांवाचून कथन : मूकपटात संवाद व निवेदन सांगण्यासाठी दृश्यांच्या मध्ये मजकुराच्या पाट्या दाखविण्याची पद्धत होती. शाटेनमध्ये आरंभीची श्रेयनामावली सोडल्यास अशा पाट्या जवळजवळ नाहीत. आरंभी पात्रे व त्यांच्या सावल्या ह्यांची ओळख एखाद्या रंगमंचावर करून द्यावी तशी करून दिली जाते आणि त्यानंतरची कथा केवळ दृश्यांतून उलगडते. लुपू पिक ह्याचा झिल्व्हेस्टर (१९२४) आणि मुर्नाउचा शेवटचा माणूस (१९२४) हे चित्रपटही पाट्यांचा आधार टाळण्याच्या ह्याच प्रयत्नाचे द्योतक आहेत. परंतु शाटेनमध्ये ही युक्ती आशयाशी एकरूप झाली आहे. एखादी पाटी आली असती, तर तिने खरे काय ते सांगून टाकले असते. ती नसल्यामुळे पतीप्रमाणे प्रेक्षकालाही केवळ जे दिसते त्यावरूनच निष्कर्ष काढावा लागतो आणि प्रत्येक वेळी आपला निष्कर्ष घाईचा होता असे त्याच्या प्रत्ययास येते. ह्या पद्धतीमुळे अभिनय काहीसा ठळक करावा लागला. कोर्टनरचे हावभाव आजच्या प्रेक्षकाला अतिरंजित वाटण्याचा संभव आहे. कथेची गतीही काही ठिकाणी मंदावते. समीक्षकांनी चित्रपटाची प्रशंसा केली, तरी सामान्य प्रेक्षकवर्गात तो फारसा चालला नाही, ह्यामागे ही कारणे असावीत.

आशय : वेदान्तात रज्जुसर्पाचा दृष्टान्त प्रसिद्ध आहे. अंधुक प्रकाशात दोरीच्या ठिकाणी साप भासतो. साप खोटा असला तरी भीती खरी असते आणि त्या भीतीपोटी घेतलेली उडी व तीत मोडलेला पायही खराच असतो. शाटेनचे मर्म ह्या दृष्टान्ताच्या आधारे चांगले उमगते. पतीने पाहिलेला स्पर्श खोटा आहे, त्याचा मत्सर मात्र खरा आहे. तो मत्सर मोकळा सुटला, तर होणारा रक्तपातही खरा असेल. भ्रमसृष्टीतील हत्येत पती स्वतःच्या हाताने वार करीत नाही. तो इतरांकडून ते करवून घेतो. संशयाने पछाडलेला माणूस आपल्या भोवतालच्यांनाही आपल्या भ्रमात ओढतो आणि अखेरीस त्यांच्याच हातून नष्ट होतो, असे हे चित्र आहे.

चित्रपटविषयक समीक्षक झीगफ्रीट क्राकाउअर ह्याने कालिगारी ते हिटलर (१९४७) ह्या ग्रंथात जर्मन मूकपटांचा विचार जर्मन समाजमनाच्या संदर्भात केला. शाटेनमधील संमोहनाचा प्रयोग मनोविश्लेषणाच्या उपचारपद्धतीची आठवण करून देतो आणि अखेरची पहाट विवेकाच्या प्रकाशाचे प्रतीक आहे, असे त्याचे प्रतिपादन आहे. दडपलेली वासना व भीती रुग्णाच्या समोर आणली असता तिचा जोर ओसरतो, ही मनोविश्लेषणाची धारणा ह्या कथेच्या रचनेत स्पष्ट दिसते. लोटे आइस्नर हिने जर्मन अभिव्यक्तिवादी चित्रपटांवरील आपल्या १९५२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात ह्या चित्रपटातील छायाप्रकाशाच्या योजनेचे सूक्ष्म विवेचन केले आहे.

ह्या कथेतील खेळकरी हा एका परीने चित्रपटकाराचेच रूप होय. तोही अंधारात माणसांना बसवितो, त्यांच्यासमोर पडदा लावतो आणि प्रकाशाच्या आधारे सावल्या नाचवितो. कालिगारी हा संमोहनविद्येचा उपयोग दुसऱ्याकडून खून करवून घेण्यासाठी करतो; शाटेनमधील खेळकरी तीच विद्या खून टाळण्यासाठी वापरतो. भीतीचा खेळ पाहिल्याने माणूस भानावर येऊ शकतो, हा विश्वास त्या काळातील जर्मन भयपटांत विरळाच आढळतो.

पूर्वपरंपरा : सावली हरवणे वा विकणे ही कल्पना जर्मन साहित्यात जुनी आहे. आडेलबेर्ट फोन शामिसो ह्याच्या पेटर श्लेमील (१८१४) ह्या कथेचा नायक आपली सावली सैतानाला विकतो आणि समाजातून बहिष्कृत होतो. प्रागचा विद्यार्थी (१९१३) ह्या आरंभीच्या मूकपटात नायक आरशातील आपले प्रतिबिंब गमावतो. ह्याच कथेवरील १९३५ चा बोलपट हा रॉबिसनच्या अखेरच्या कामांपैकी एक होय. त्याच वर्षी त्याचे निधन झाले. चिनी छायाखेळ अठराव्या शतकात यूरोपात लोकप्रिय झाले होते. लोटे राइनिगर हिने कातरलेल्या छायाकृतींच्या साहाय्याने प्रिन्स आखमेट (१९२६) हा पूर्ण लांबीचा सचेतपट तयार केला, तोही ह्याच परंपरेतला.

भारतीय व मराठी संदर्भ : सावल्यांचा खेळ भारतालाही नवा नाही. महाराष्ट्रात सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळी (ता. कुडाळ) येथील ठाकर समाजात चित्रकथी व कळसूत्री बाहुल्या ह्यांबरोबरच चामड्याच्या बाहुल्यांच्या छायाखेळाची परंपरा चालत आली आहे. पांढऱ्या पडद्यामागे दिवा ठेवून त्याच्या प्रकाशात चामड्याच्या आकृत्या नाचविल्या जातात व गायन-निवेदनाच्या साथीने रामायणातील प्रसंग सांगितले जातात. सावंतवाडी संस्थानाचा ह्या कलांना आश्रय होता. तेथील परशुराम आत्माराम गंगावणे ह्यांना ह्या लोककलांच्या जतनाबद्दल २०२१ मध्ये पद्मश्री हा किताब मिळाला. पिंगुळीच्या खेळात पडद्यावरील रावण ही सावली आहे, हे प्रेक्षकाला प्रथमपासून ठाऊक असते. शाटेनमधील पतीला हेच ठाऊक नसते आणि तेथूनच भयपट सुरू होतो.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात कल्याण येथील महादेव गोपाळ पटवर्धन ह्यांनी ‘शांबरिक खरोलिका’ ह्या नावाने जादूच्या दिव्याचे खेळ सुरू केले. काचांवर हाताने रंगविलेली चित्रे दिव्याच्या साहाय्याने पडद्यावर पाडून ते पौराणिक कथा दाखवीत. मायावी शंबरासुराच्या नावावरून मायाविद्येला शांबरी म्हणतात. ह्या नावात पडद्यावरील चित्र म्हणजे माया, ही जाणीव व्यक्त झाली आहे.

मराठी मूकपटांतील भयाची रीत मात्र सुरुवातीला वेगळी होती. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या सैरंध्री (१९२०) ह्या मूकपटात बाबूराव पेंटर ह्यांनी कीचकवध इतक्या हुबेहूबपणे दाखविला होता की, प्रेक्षकांत घबराट उडाली व ते दृश्य पुढे वगळावे लागले, असे सांगितले जाते. तेथे भय प्रत्यक्ष देहाच्या दर्शनातून उत्पन्न होते. जर्मन परंपरेत ते देह न दाखविण्यातून उत्पन्न होते.

ह्या दुसऱ्या रीतीचा परिचय मराठी चित्रपटाला बोलपटांच्या काळात झाला. प्रभात फिल्म कंपनीचे व्ही. शांताराम हे सैरंध्री ह्याच नावाच्या आपल्या रंगीत बोलपटाच्या रंगप्रक्रियेसाठी १९३३ मध्ये जर्मनीत गेले होते. तेथून परतल्यावर त्यांनी पुण्यात अमृतमंथन (१९३४) हा चित्रपट मराठी व हिंदी अशा दोन भाषांत तयार केला. नारायण हरी आपटे ह्यांच्या कादंबरीवर आधारलेल्या ह्या चित्रपटात नरबळी व पशुबळी ह्यांचा आग्रह धरणाऱ्या राजगुरूची भूमिका मराठीत केशवराव दाते ह्यांनी, तर हिंदीत चंद्रमोहन ह्यांनी केली. काळोखात उजळलेले चेहरे, मशालींच्या हलत्या प्रकाशातील गुप्त बैठक आणि दूरवेधी भिंगाने टिपलेले राजगुरूच्या डोळ्याचे प्रसिद्ध समीपदृश्य ह्यांत जर्मन छायाप्रकाशशैलीचे संस्कार जाणवतात.

मुंबईतील मालाड येथे १९३४ मध्ये स्थापन झालेल्या बाँबे टॉकीज ह्या संस्थेत तर जर्मन तंत्रज्ञच काम करीत होते. म्यूनिकचा छायाचित्रकार योझेफ व्हिर्शिंग हा त्यांपैकी एक. दुसऱ्या महायुद्धात त्याला स्थानबद्धतेत राहावे लागले. सुटकेनंतर त्याने कमाल अमरोही दिग्दर्शित महल (१९४९) ह्या चित्रपटाचे छायाचित्रण केले. ओसाड वाड्यात दिसणारी अशरीरी स्त्री ही वस्तुतः माळ्याची मुलगी असते; परंतु नायकाचे मन ज्या भ्रमात गुंतते तो त्याचा घात करतो. भूत नसतानाही भ्रमाने माणूस नष्ट होतो, हे शाटेनचे सूत्र येथे वेगळ्या कथेत, पण त्याच छायाप्रकाशाच्या भाषेत प्रकट झाले आहे.

उत्तरकाल व जतन : शाटेनमधील प्रमुख कलावंतांची पुढील वाटचाल पाहिली असता, चित्रपटातील इशाऱ्याला आणखी एक अर्थ प्राप्त होतो. १९३३ मध्ये जर्मनीत नाझी सत्ता आली. कोर्टनर व ग्रानाख हे दोघे ज्यू होते. दोघांनाही देश सोडावा लागला. कोर्टनर युद्धानंतर जर्मनीस परतला व दिग्दर्शक म्हणून रंगभूमीवर नावाजला; १९७० मध्ये त्याचे निधन झाले. ग्रानाख सोव्हिएट रशियातून पुढे अमेरिकेत गेला आणि १९४५ मध्ये न्यूयॉर्क येथे मृत्यू पावला. साम्यवादी विचारांच्या वांगेनहाइमनेही सोव्हिएट रशियात आश्रय घेतला. संशयाच्या सावल्यांना पुरावा मानून शेजाऱ्याचा बळी घेणारा आणि त्यासाठी इतरांच्या हातांत शस्त्रे देणारा यजमान दहा वर्षांनी पडद्याबाहेर अवतरला. ह्या वेळी भ्रम संपवून सर्वांना मेजाशी परत आणणारा खेळकरी कोणी नव्हता.

चित्रपट हीदेखील एक नाशवंत छायाच आहे. १९५० च्या सुमारापर्यंत वापरात असलेली नायट्रेट फीत अतिशय ज्वालाग्राही असते. नीट न ठेवल्यास ती आपोआप विघटित होऊन प्रथम चिकट व अखेरीस भुकटीसारखी होते. बोलपट आल्यावर मूकपटांचे व्यापारी मूल्य संपले आणि असंख्य प्रती तीतील चांदी काढून घेण्यासाठी वितळविण्यात आल्या. त्या काळी प्रतींना रात्रीच्या दृश्यांसाठी निळी, दिव्याच्या प्रकाशासाठी पिवळसर अशी रंगछटा देण्याची पद्धत होती. जुन्या प्रतीवरून नवी कृष्णधवल प्रत काढताना हे रंगही गळून पडत. शाटेनसारखा चित्रपट आज पाहता येतो तो निरनिराळ्या संग्रहालयांनी जपलेल्या प्रतींमुळे.

भारतातील स्थिती अधिक शोचनीय आहे. येथे निर्माण झालेल्या सु. तेराशे मूकपटांपैकी पूर्ण वा अंशतः उपलब्ध असलेल्यांची संख्या तिसाच्या आसपास आहे. प्रेक्षकांत घबराट उडविणारी सैरंध्री त्यांत नाही. पुणे येथील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने (स्थापना १९६४) परमेश कृष्णन नायर (१९३३–२०१६) ह्यांच्या पुढाकाराने दादासाहेब फाळके ह्यांच्या मूकपटांचे अवशेष आणि इतर अनेक जुन्या प्रती मिळविल्या. तरीही २००३ मध्ये पुण्यातील नायट्रेट फितींच्या साठ्याला लागलेल्या आगीत सहाशेहून अधिक चित्रपटांची रिळे जळाली. जो चित्रपट प्रसिद्ध असतो त्याच्या प्रती अनेक ठिकाणी असतात; जो अपरिचित असतो त्याचे अस्तित्व बहुधा एकदोन डब्यांवर अवलंबून असते. शाटेन ह्या दुसऱ्या प्रकारातला असूनही वाचला. त्यामुळेच सावलीला पुरावा मानू नये, हा त्यातील इशारा आजही प्रत्यक्ष पडद्यावर पाहता येतो.